हिरो नको, बापाची भूमिका द्या!

प्रश्न : मी बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. 'दो बिघा जमीन' पाहिल्यापासून त्यातल्या बापाचं काम करणारे नाना पळशीकर डोक्यातून जात नाहीत. मलाही अशाच चरित्र भूमिका करायच्या आहेत. कॉलेज सोडून मुंबईला जाऊ का? – एक विद्यार्थी, वाशीम

उत्तर : कॉलेज सोडू नकोस. अभिनय शिकायला दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात प्रवेश हवा तर पदवी लागते, शिवाय किमान सहा नाटकांचा अनुभव. उरलेल्या काळात ती सहा नाटकं कर आणि प्रत्येकाचं प्रमाणपत्र, जाहिरात, फोटो फाइलला लाव.

आता पळशीकर. त्यांचा जन्म १९०७चा, मुलाचं काम करणाऱ्या बलराज साहनींचा १९१३चा. म्हणजे जेमतेम सहा वर्षांनी लहान माणसाचा बाप! हे नुसत्या पांढऱ्या केसांवर निभत नाही. नवखी मुलं म्हातारा म्हटलं की कंबर वाकवतात, आवाज कापरा करतात. तिथेच सोंग उघडं पडतं. वय दिसतं ते उठताना हात कुठे टेकतो, उभं राहिल्यावर पाऊल टाकायला किती वेळ लागतो यात. एसटी स्टँडवर तासभर बसून हेच बघ.

कॅमेऱ्यासमोर आणखी एक अडचण येते. एकच प्रसंग आधी लांबून, मग जवळून, असा पुन्हा पुन्हा घेतात. पहिल्यांदा ज्या शब्दावर पेला उचललास त्याच शब्दावर, त्याच हाताने दर वेळी उचलायचा. नाहीतर संकलनात जोड बसत नाही, आणि अशा वेळी कात्री सहसा छोट्या नटाच्या शॉटला लागते.

पळशीकर पडद्यावर आले १९३५च्या 'धुवांधार'मध्ये. सहाय्यक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं ते १९६०च्या 'कानून'साठी, पुढे 'शहर और सपना'साठी (१९६३) पुन्हा. 'धुवांधार' आणि 'कानून' यांत पंचवीस वर्षांचं अंतर आहे! एवढा काळ पोट कशावर चालणार? इथे बी.कॉम. कामाला येतं. टॅली आणि जीएसटीची कामं शिकून घे, ती शूटिंग नसलेल्या दिवशी करता येतात. छोट्या भूमिकेचे पैसे दिवसावर ठरतात आणि हातात यायला अनेकदा तीन महिने लागतात. सहा महिन्यांचा खर्च गाठीशी असल्याशिवाय मुंबईत खोली घेऊ नकोस.

ऑडिशनसाठी एका मिनिटाचा व्हिडिओ पुरे : नाव, वय, उंची, भाषा, चेहरा समोरून आणि दोन्ही बाजूंनी, मग पूर्ण उभा. फिल्टर नको, मेकअप नको. वऱ्हाडी बोलता येत असेल तर ते आधी सांग, अनेक जण नेमकं तेच लपवतात. आणि भूमिका देतो म्हणून कुणी नोंदणीचे पैसे मागितले, तर फोन ठेवून दे.