चौकट किती फुटांची?

प्रिय बाळ,

परवा तलावपाळीवर तुझ्या डोळ्यांत पाणी आलं, तेव्हा मी गप्प राहिलो. जे. जे. कला महाविद्यालयात चार वर्षं काढली आणि आता घोडबंदरच्या सेटवर पडद्यांना इस्त्री करतेय, पेंटिंग सुटलं, असं म्हणालीस. इस्त्री करावी लागतेच. पैसे 90 दिवसांनी येतात, हेही तुला कळून चुकलंय. त्यावर काय बोलायचं!

मला खटकलं ते वेगळंच. फोनवर तू वाड्याच्या स्वयंपाकघराची डिझाइनं दाखवलीस. रंग सुरेख. मी विचारलं, ओटा किती उंच? तुला सांगता येईना. सगळं नेटवरून जमवलेलं. अगं, जाऊन बघ. मोज.

मी मोजलं नव्हतं, म्हणून सांगतोय. 1998 साल, चाळीतल्या खोलीचा सेट. कॅमेरा आणि लाइटसाठी 10 बाय 12 ची खोली आपण 16 बाय 20 करतो, एक भिंत सुटी ठेवतो, ते ठीकच. पण मासिकातला फोटो बघून मी दारही 7 फुटी केलं. एक ज्येष्ठ अभिनेत्री दारातच थबकल्या. म्हणाल्या, "इथे वाकावं लागत नाही हो."

त्याच रात्री टेप घेऊन गिरगावात मावशीच्या चाळीत गेलो. चौकट 5 फूट 8 इंच. मोरीचा कठडा 9 इंच. आणि जमिनीपासून अडीच फुटांवर भिंतीला ओळीनं तेलकट डाग, टेकून बसणाऱ्यांच्या डोक्यांचे. लहानपणापासून त्या भिंतीशी बसून जेवलो होतो, डाग कधी दिसले नव्हते. टेप लावला तेव्हा दिसले. सकाळी बर्न्ट अंबर या गडद तपकिरी रंगात जवसाचं तेल कालवून मी स्वतः बोटांनी ते सेटवर काढले. ते पेंटिंग नव्हतं, असं मला कुणी सांगू नये!

फत्तेलाल चित्रकारच होते आणि 1929 मध्ये प्रभात फिल्म कंपनी उभी करणाऱ्यांपैकी एक होते. एम. आर. आचरेकर चित्रकार होते आणि राज कपूरच्या सिनेमांसाठी सेटही करत होते. तूच कशाला स्वतःचे दोन तुकडे करतेस?

पुढे एका निर्मात्यानं जागा बघायला दोन दिवस द्यायला नकार दिला. मी काम सोडलं. 14 महिने घरी. हिनं शिकवण्या घेऊन घर चालवलं. हट्टीपणा केलास, असं सगळे म्हणाले. मुलाची फी थकली तेव्हा माझंही मन डगमगलं, हिची क्षमा मी अजून नीट मागितलेली नाही. पण न मोजता मी सेट उभा करणार नव्हतो. आजही करणार नाही. यात माझं चुकलं असं मला वाटत नाही.

व्हीएफएक्स, म्हणजे संगणकावर दृश्यं उभी करणं, शिकायचं तर शीक की, जरूर शीक. स्केचअपसारख्या सेट आखायच्या सॉफ्टवेअरमध्येसुद्धा दाराची उंची तुलाच टाकायची असते. कुठून आणशील ती? मोज, बाळ.

रविवारी चेंदणी कोळीवाड्यात ये. ओळखीचं एक जुनं घर पुढच्या महिन्यात पाडतायत. सकाळी साडेसातला, भिंतीवर ऊन यायच्या आत. टेप तू आण, वही मी आणतो.

तुझा,
काका