नानांना विचारा : म्हशी विकू नकोस

प्रश्न : नाना, माझं गाव पन्हाळा तालुक्यात. घरची दीड एकर जमीन, त्यातली अर्धी कोरडवाहू. बी.ए. झालो आणि आता शिरोलीला एका फाउंड्रीत कंत्राटावर आहे. वय 22. शाळेपासून नाटकाचं वेड आहे, गावच्या जत्रेतल्या नाटकात दरवर्षी काम असतं. सयाजी शिंदे वॉचमन होते आणि पुढे एवढे मोठे नट झाले. मग मला का नाही जमणार? आई म्हणते, दारातल्या दोन म्हशी विकू आणि तू मुंबईला जा. वडील बोलत नाहीत. नोकरी सोडू का?
– एक वाचक, पन्हाळा तालुका

उत्तर : पोरा, म्हशी विकू नकोस. हे आधी सांगतो, बाकीचं मग बोलू.

दर दहा दिवसांनी दुधाचं जे बिल येतं, ते तुमच्या घरातलं न चुकणारं एकमेव उत्पन्न असणार. उसाचे पैसे कारखान्याच्या सवडीनं येतात आणि तुझा पगार कंत्राटदाराच्या मर्जीवर. आईनं पोटच्या पोरासाठी गोठा रिकामा करायची तयारी दाखवली, त्या माउलीपुढं मी हात जोडतो. पण म्हशींचे पैसे मुंबईत किती दिवस पुरतात ते मला ठाऊक आहे. माझं सगळं आयुष्य शूटिंगच्या प्रॉडक्शन खात्यात गेलं. नटांचे पैसे कधी येतात, किती येतात आणि कुठं अडकतात, हे मी रोज बघितलंय.

सयाजी शिंदेंचं उदाहरण तू दिलंस ते योग्यच आहे, पण अर्ध्यावर सोडलंस. सातारा जिल्ह्यातलं वेळेकामथी हे त्यांचं गाव. जन्म 1959 चा, घर शेतकऱ्याचं. कॉलेजात असताना पाटबंधारे खात्यात रात्रीची पहारेकऱ्याची नोकरी, पगार महिना 165 रुपये. इथपर्यंत सगळ्यांना पाठ असतं. पुढं बघ. देवदासी आणि जोगत्यांच्या जगावरचं ‘झुलवा’ हे नाटक 1987 साली आलं आणि त्यातल्या कामानं सयाजींचं नाव नाटकवाल्यांत झालं. देशभर त्यांना ओळखू लागले ते ‘शूल’ सिनेमातल्या बच्चू यादवमुळं. तो सिनेमा आला 1999 ला. मधे बारा वर्षं गेली. ‘शूल’ लागला तेव्हा सयाजी चाळिशीत होते. तू वॉचमनची नोकरी बघितलीस आणि बच्चू यादव बघितलास, मधली बारा वर्षं तुझ्या पत्रात नाहीत.

आणि ती पहाऱ्याची नोकरी म्हणजे लाज वाटण्यासारखी पायरी होती, असं समजू नकोस. रात्रीची नोकरी होती, म्हणून दिवसाचं कॉलेज झालं.

पंकज त्रिपाठींचंही तसंच. बिहारमधल्या गोपालगंज जिल्ह्यातलं बेलसंड हे त्यांचं गाव, वडील शेती आणि भिक्षुकी करायचे. गावच्या नाटकात हे बाईचं काम करायचे. पाटण्यात हॉटेल मॅनेजमेंट शिकून तिथल्या एका मोठ्या हॉटेलच्या भटारखान्यात लागले. रात्री हॉटेलची ड्युटी, सकाळी चार-पाच तास झोप, दुपारनंतर नाटकाची तालीम. मग दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय. 2004 ला मुंबईत आले आणि लोकांच्या नजरेत भरले ते 2012 च्या ‘गँग्ज ऑफ वासेपूर’मध्ये. आठ वर्षं! त्या काळात घर चाललं ते त्यांच्या पत्नीच्या शिक्षिकेच्या पगारावर, आणि हे ते स्वतः मुलाखतींतून उघडपणे सांगतात. मला त्या माणसाबद्दल सगळ्यात जास्त आदर वाटतो तो याच कारणानं. पुण्यात निळूभाऊ फुले लष्कराच्या वैद्यकीय महाविद्यालयात माळी होते. नोकरी सांभाळत राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात नाव काढलं.

म्हणून कुणा नटाची अशी गोष्ट वाचलीस की एक प्रश्न विचारत जा : या दिवसांत याची चूल कशावर पेटत होती? कुणाचा पगार, कुठली शिष्यवृत्ती, कुणाच्या खोलीवरची फुकटची वळकटी? छापणारे हे गाळतात, कारण त्यात चमक नसते. तुझ्यासारख्या पोराला नेमकं तेच कळायला हवं.

आता मुंबईचा हिशेब. मालिकेत छोटं काम लागलं तरी त्याचे पैसे साधारण तीन महिन्यांनी हातात पडतात. आज काम केलंस, दिवाळी झाली, संक्रांतीला पैसे. गर्दीतल्या कामाचे पैसे लवकर मिळतात, पण त्यातून माणसं पुरवणाऱ्या को-ऑर्डिनेटरचा वाटा जातो, आणि रोज कॉल येईलच असं नाही. कॉट बेसिसवर, म्हणजे नुसती खाट भाड्यानं घेऊन, राहिलास तरी डिपॉझिट लागतंच. लोकल, जेवण, फोनचा रिचार्ज, ऑडिशनला जायला एक बरा शर्ट, हे वेगळंच. एकही काम न मिळता आठ महिने काढता येतील एवढे पैसे जवळ असल्याशिवाय कोल्हापूर स्टँडवरनं गाडीत बसू नकोस. फाउंड्रीत ओव्हरटाइम मिळेल तेवढा कर आणि तो पैसा पोस्टात आरडीला टाक. घरखर्चात मिसळू देऊ नकोस.

तोवर इथं बसून काय करायचं? तालीम धर. हौशी राज्य नाट्य स्पर्धेचं केंद्र कोल्हापुरात असतं आणि त्यासाठी इथल्या संस्था पावसाळ्यातच नाटकाला हात घालतात. त्यांना माणसं हवीच असतात. पहिली पाळी मागून घे, तीनला सुटशील, सहाला तालमीला पोचशील. पहिल्या वर्षी सेट उचलायला लावतील, तर उचल. पार्श्वसंगीताच्या माणसाशेजारी बसवतील, तर बस. कानाला लय कळायला त्यासारखी जागा नाही.

आमच्या ओळखीच्या एका संस्थेत असाच एक जण कारखान्यातनं थेट यायचा, नखांत काळं तसंच. त्याला बापाची भूमिका होती. दुसऱ्या अंकात लेक पाण्याचा तांब्या देते, बाप पाणी पितो आणि तांब्या खाली ठेवतो, एवढंच. त्यानं तो तांब्या दोन्ही हातांनी, जराही आवाज न करता, टेकेपर्यंत बोटं न सोडता ठेवला. सगळं थिएटर त्या तांब्याकडं बघत राहिलं. दिग्दर्शकानं विचारलं, हे कुठनं आणलंस? तो म्हणाला, आम्ही साच्यात कोअर, म्हणजे वाळूचा गाभा, असाच ठेवतो, धक्का लागला तर सगळं कास्टिंग वाया जातंय. हे त्याला कुठल्याही वर्कशॉपमध्ये मिळालं नसतं. तूही त्याच कामात आहेस. डोळे उघडे ठेवून काम कर.

वडील बोलत नाहीत असं लिहिलंस. त्यांच्याशी तूच बोल. ‘मी उद्या चाललो’ असं न म्हणता ‘दोन वर्षांत एवढे साठवतो, एवढी नाटकं करतो, मग जातो आणि म्हशी राहतात’ असं सांग. मला वाटतं, ते बोलतील.

प्रश्न : माझी मुलगी 17 वर्षांची आहे. फोनवर व्हिडिओ पाठवून तिची एका मालिकेसाठी निवड झाली, असा निरोप आला. आता वर्कशॉप, पोर्टफोलिओ आणि कार्डासाठी 35 हजार भरा म्हणतात. दोन दिवसांची मुदत दिली आहे. मिस्टर यंत्रमागावर जातात. पोरीचं नशीब आमच्या पैशांपायी अडायला नको, असं वाटतं.
– एक आई, इचलकरंजी

उत्तर : ताई, एक रुपयाही भरू नका. या धंद्यात निर्माता नटाला पैसे देतो, नट निर्मात्याला देत नाही. ज्याला तुमची मुलगी खरोखर हवी आहे, तो मुदत घालून घाबरवणार नाही, उलट प्रवासखर्चाचं विचारेल. तुम्ही त्यांना एवढंच विचारा : निर्मितीसंस्थेचं नाव काय, मालिका कुठल्या वाहिनीवर, करारपत्र कधी पाठवता? नंतर त्या संस्थेच्या कार्यालयाचा नंबर स्वतः शोधून फोन लावा. त्यांनीच दिलेल्या नंबरवर नको. पैसे आधीच गेले असतील तर 1930 या सायबर गुन्ह्यांच्या मदत क्रमांकावर लगेच कळवा, उशीर केलात तर रक्कम परत मिळणं अवघड होतं.

मुलगी सज्ञान नाही. तिला एकटीला कुठल्याही ऑडिशनला, कुठल्याही हॉटेलवर पाठवायचं नाही. खरं ऑडिशन असेल तर आई बरोबर आली म्हणून कुणी नाराज होत नाही. आणि पोरीला रागावू नका, तिनं काहीही चूक केलेली नाही. तिला एवढं सांगा, की व्हिडिओ पाठवायला पैसे पडत नाहीत आणि आपले फोटो शेजारच्या दादानं मोबाइलवर उजेडात काढले तरी चालतात. समोरून, बाजूनं आणि पूर्ण उभा. कास्टिंगवाल्याला तेवढंच हवं असतं.

प्रश्न : मी भुदरगड तालुक्यात शिक्षक आहे. माझा एक विद्यार्थी विलक्षण अभिनय करतो, पण त्याची बोली पक्की गावची. ‘जातंय, खातंय’ सुटत नाही. पुण्यामुंबईला त्याला गडी, नोकर आणि गावगुंड एवढीच कामं मिळतील, ही भीती वाटते. त्याची भाषा आत्तापासून सुधारावी का?
– एक शिक्षक, गारगोटी

उत्तर : गुरुजी, सुधारू नका. तिच्या जोडीला आणखी एक शिकवा. प्रमाण मराठी वाचून घ्या, रोज एक उतारा मोठ्यानं. हिंदी बोलायला लावा. पण ‘जातंय, खातंय’ त्याच्या तोंडून काढून घेऊ नका. ते गेलं तर त्याच्या बोलण्यातला जीवच जाईल.

याचा एक दाखला माझ्या फार आवडीचा आहे. मनोज बाजपेयी बिहारमधल्या पश्चिम चंपारणच्या बेलवा गावचे, शेतकऱ्याचे चिरंजीव. राष्ट्रीय नाट्य विद्यालयानं त्यांना तीन वेळा नाकारलं. 1998 च्या ‘सत्या’त त्यांनी भिकू म्हात्रे केला, मुंबईतला मराठी गुंड, आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्या भिकूच्या बोलण्याचा ढंग त्यांनी कुठून उचलला? त्यांच्याकडं स्वयंपाकाला कोल्हापूरचं माणूस होतं, त्याच्या बोलण्यातून. तुमच्या वर्गात जे फुकट ऐकू येतं, ते त्या बिहारी माणसानं स्वयंपाकघरात कान देऊन मिळवलं! पुढच्याच वर्षी ‘शूल’मध्ये उलटं झालं. कथा बिहारमधल्या मोतीहारीची, इन्स्पेक्टर बाजपेयी, आणि समोरचा बिहारी पुढारी आपले साताऱ्याचे सयाजी. लगेच 2000 साली त्याच सयाजींनी तमीळ सिनेमात महाकवी सुब्रमण्य भारती उभे केले. गावचं असणं आड आलं नाही, कारण दोघांनाही दुसऱ्याच्या गावात शिरता येत होतं. तुमच्या विद्यार्थ्याला हेच शिकवा. बाजारच्या दिवशी गारगोटीत उभा करा आणि बैल विकणारा कोकणातला माणूस कसा बोलतो, सीमाभागातली बांगडीवाली कशी बोलते, ते ऐकून घरी करून दाखवायला सांगा.

शिक्का बसायची तुमची भीती मात्र खोटी नाही. आपल्या कोल्हापूरचे गणपत पाटील लहानपणी अतिशय हलाखीत वाढले, पडेल ते काम करून मोठे झाले. तमाशापटातला नाच्या त्यांनी असा केला, की लोकांनी त्यांना दुसरं काही करूच दिलं नाही. 2008 ला ते गेले, तोवर तो शिक्का राहिला. ते किती ताकदीचे नट होते हे ज्यांनी जवळून बघितलं, त्यांच्या मनात ही सल आजही आहे. म्हणून मुलाला सुरुवातीपासून वेगवेगळ्या प्रकारची कामं द्या. यंदाच्या स्नेहसंमेलनात तो पाटील झाला असेल, तर पुढच्या वर्षी पोस्टमास्तर करा, त्याच्या पुढं आजी करा.

प्रश्न : अभिनय शिकायचा असेल तर कोल्हापुरातच सोय आहे का? की बाहेरच जावं लागतं?
– एक विद्यार्थिनी, कागल

उत्तर : सोय आहे. शिवाजी विद्यापीठात संगीत व नाट्यशास्त्र विभाग आहे, तिथं समक्ष जाऊन चौकशी कर. पुण्यात सावित्रीबाई फुले विद्यापीठाचं ललित कला केंद्र आहे, तिथंच एफटीआयआय ही सिनेमा शिकवणारी सरकारी संस्थाही आहे. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा. पदवी आणि नाटकात काम केल्याचा अनुभव लागतो, पण निवड झाली की शिष्यवृत्ती मिळते. गरिबाच्या घरच्या मुलीसाठी ही फार मोठी गोष्ट आहे, हे घरी नीट समजावून सांग. आत्तापासून केलेल्या प्रत्येक नाटकाची पत्रिका, प्रमाणपत्र आणि कात्रण एका फाइलमध्ये लावत जा.

केशवराव भोसले नाट्यगृह 8 ऑगस्ट 2024 च्या रात्री जळालं, तेव्हा आमच्या पिढीची माणसं रस्त्यावर उभी राहून रडली. शाहू महाराजांनी बांधून घेतलेली ती वास्तू. पण तालमी त्या आठवड्यातही थांबल्या नाहीत. कुणाच्या हॉलमध्ये, कुणाच्या गच्चीवर चालूच होत्या. तुझ्या कागलपासून कोल्हापूर एसटीनं जवळ आहे. संध्याकाळी तालीम कुठं चालते ते विचारून घे, वडिलांना किंवा भावाला बरोबर आण आणि पहिल्या दिवशी नुसतं बसून बघ.