नो कॅप आणि कॅप राउंड

मी समुपदेशक. ऑगस्ट उजाडला की एक तक्रार माझ्याकडे हमखास येते. "मॅडम, पुस्तकातलं इंग्रजी समजतं, पण पोरं बोलतात ते नाही. आणि मी बोललो की हसतात." इंजिनिअरिंगला पुण्यात आलेली, मराठी माध्यमातली, बहुतेक मराठवाड्याची नाहीतर खानदेशातली मुलं. हे इतक्यांदा ऐकलंय की एकाचीच गोष्ट सांगते. तपशील अर्थातच बदललेत.

खुर्चीत बसायच्या आधीच त्याने मोबाइल पुढे केला. प्रवेशाचं अलॉटमेंट लेटर!

"हे बघा मॅडम. दुसऱ्या राउंडला लागला नंबर. मेरिटवर."

"मी कुठे नाही म्हटलं?"

"ग्रुपवर म्हणतेत ना! नो कॅप, नो कॅप."

मूळ मेसेज मागून घेतला. रूममेटने लिहिलं होतं, याचं ड्रॉइंग वर्गात सगळ्यात भारी, नो कॅप. खाली चारजणांनी तेच पुन्हा. नुकत्याच कॅप राउंडमधून, म्हणजे मेरिटवरच्या केंद्रीय प्रवेशफेरीतून, सुटलेल्या मुलाने अर्थ लावला की आपल्याला कोट्यातून, पैसे भरून आलेला म्हणतायत. डिक्शनरीत पाहिलं, तर टोपी. तीही अपमानाचीच वाटली.

"टोपी घालणं म्हणजे काय रे आपल्याकडे?"

"फसवणं."

"मग? कॅप म्हणजे थाप. नो कॅप म्हणजे शप्पथ, खरंच."

तो बराच वेळ मेसेजकडे बघत राहिला. "म्हणजे कौतुक केलं होतं?" पंधरा दिवस तो रूममेटशी बोलला नव्हता.

खरी गाठ मात्र दुसरीकडे होती, आणि ती सुटायला चार भेटी लागल्या. भर वर्गात सरांना ड्रॉइंग शीट अपुरी आहे असं सांगताना 'शीट'मधली ई आखूड पडली. त्यातून जो शब्द झाला तो तुम्हाला ठाऊक आहे. वर्ग फुटला. तेव्हापासून इंग्रजी बंद.

पूर्वी मी अशा मुलांकडून उच्चार घोटून घ्यायचे. शिप-शीप, सिट-सीट. उच्चार सुधारायचे, भीती मात्र पक्की व्हायची, कारण चुकणं भयंकर असतं हे मीच शिक्कामोर्तब करून देत होते. हे लक्षात यायला मला काही वर्षं लागली. आता आधी भीती, मग उच्चार. मी अल्बर्ट एलिस या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाच्या पठडीतली. ते लोकांना भर गाडीत स्टेशनांची नावं मोठ्यांदा पुकारायला लावायचे. मी याला अप्पा बळवंत चौकात पाठवलं.

"स्टेशनरीच्या दुकानात जायचं, शीट मागायची. मोठ्यांदा, मुद्दाम, चुकीचंच म्हणायचं."

"मॅडम, काहीही काय!"

पुढच्या भेटीला आला तो हसतच. गर्दीच्या वेळी काउंटरवर ओरडून मागितली म्हणे, कान लाल झाले होते. दुकानदाराने मान वर न करता फक्त शीटचा आकार विचारला, "ए-टू का ए-वन?"

"बास? एवढंच?"

"एवढंच. वर सुटे पैसे मागितले."

माझ्या कित्येक सेशनांनी जे झालं नसतं ते त्या माणसाने तीन शब्दांत केलं. (पाठवलं मात्र मी होतं, एवढं श्रेय घेते.)

आता जे अशाच काळजीत आहेत त्यांच्यासाठी. दिन आणि दीन, सुत आणि सूत, पाणि आणि पाणी आपण शाळेत वेगवेगळे लिहायला शिकतो, पण बोलताना किती जण फरक करतात? ह्रस्व-दीर्घावर आपली जीभ फारशी अडत नाही, म्हणून इंग्रजीत घोटाळा होतो. तो जिभेच्या सवयीचा आहे, अकलेचा नाही. 'शीट' म्हणताना ओठ हसल्यासारखे ताणा, सुटेल. डिक्शनरी तरी कुठवर पुरणार? वर्गात आपण 'रबर दे' म्हणतो. अमेरिकेत बोलण्यात रबर म्हणजे निरोध. 'सिक' म्हणजे आजारी, आणि पोरांच्या तोंडी झकासही. अर्थ अडला तर कोशाआधी बोलणाऱ्यालाच विचारा, "म्हणजे काय?" टोमणा असेल तर तो गडबडतो, प्रेमाने बोलला असेल तर सांगतो. आणि पालकहो, 'जाऊ दे, लक्ष नको देऊ' हे कृपा करून म्हणू नका. त्याचं सगळं लक्ष तिथेच असतं.

शेवटच्या भेटीत तो म्हणाला, "मॅडम, रूममेट म्हणतो तुम्हाला लई रिझ आहे."

मला 'रिस्क' ऐकू आलं. "म्हणजे काय?"

"करिझ्मामधला मधला तुकडा," तो म्हणाला, आणि माझ्याच वहीत लिहून दिलं.