ताप नाही, नुसती कसकस

प्रिय चिऊ,

तुझा लांबलचक मेसेज मिळाला. ‘आजी दूध तापवते, दादामुळे तिच्या डोक्याला ताप होतो, टीव्हीवर राजकारण तापलेलं असतं, आणि मी खरंच आजारी पडले तेव्हा शेजारच्या काकू म्हणाल्या, ताप नाही गं, नुसती कसकस आहे. मग ताप म्हणजे नक्की काय? आणि मला अंघोळ का करू दिली नाही?’ फोनवर सांगायला गेले तर आजी मध्येच बोलेल आणि तूही ऐकणार नाहीस, म्हणून लिहितेय.

दुधाचं सोपं आहे. ताप म्हणजे मुळात उष्णता. दूध तापतं, तवा तापतो, मे महिन्यात सांगलीचे रस्ते तापतात आणि माणसाचं अंगही तापतं. दुधाला कुणी आजारी पाडत नाही.

काकूंचा तुला राग आलेला दिसतो. थर्मामीटर न लावता त्यांनी निदान केलं म्हणून ना? पण त्यांनी हात कसा लावला ते आठव. तळवा नाही, पालथा हात. आधी कपाळाला, मग मानेला, कदाचित पोटालाही. दिवसभर गॅसपाशी काम करणाऱ्या बाईचे तळवे स्वतःच गरम असतात, त्यांचा काय भरवसा? पालथ्या हाताने बघायचं ही पद्धत सगळ्या आयांना आयांकडून आलेली आहे. मीही तुझं तसंच बघते, फक्त तुझं कधी लक्ष गेलं नाही.

आता ‘कसकस’. आपल्याकडे तापाचं नाव ऐकलं की पुढे काय करायचं ते घरात आपोआप ठरतं. कुणी ‘अंग मोडून आलंय’ म्हणालं तर आल्याचा चहा आणि लवकर झोप, बाकी काही नाही. ‘कणकण आहे’ किंवा ‘कसकस आहे’ म्हणजे खेळ बंद, आइस्क्रीम बंद, शाळा मात्र चालू. (इथेच मुलांचं नुकसान होतं. माझ्या लहानपणी मी कसकशीचा ताप करून दाखवायचा बराच प्रयत्न केला, पालथ्या हातापुढे चालला नाही.) ‘बारीक ताप’ म्हटलं की शाळाही बंद आणि ताटात मऊभात-मेतकूट. ‘ताप भरलाय’ म्हणजे अंघोळ नाही, कपाळावर मिठाच्या पाण्याच्या घड्या, आणि रात्री कुणीतरी उशाशी बसणार. आणि आजी ‘अगं, पोरगी फणफणलीय की!’ असं म्हणाली तर कुणी काही विचारत नाही, मामा चप्पल घालून रिक्षा बघायला जातो.

ऑगस्टात सांगलीला आहेस तर कृष्णेवरच्या आयर्विन पुलाचे आकडे रोज कानावर पडत असतील. कृष्णेचं पाणी ४० फुटांवर आलं की इशारा, ४५ वर धोका. २०१९ मध्ये ते ५७ फुटांवर गेलं होतं. ४० म्हटल्यावर खालचं सामान माडीवर न्यायचं हे गावभागात कुणाला समजावून सांगावं लागत नाही. काकूंच्या ‘नुसती कसकस’चंही तसंच. त्या तुला खोटं पाडत नव्हत्या, पाणी अजून इशाऱ्याच्या खाली आहे एवढंच सांगत होत्या.

दुसऱ्या दिवशी मात्र ते चढलं आणि तू मला नुसतं ‘१०२!!!’ एवढंच पाठवलंस. इथे नेदरलँड्समध्ये, आइंडहोवनला, आपण सेल्सिअसमध्ये मोजतो, भारतात अजून घरोघरी आणि बऱ्याच दवाखान्यांत ताप फॅरेनहाइटमध्येच सांगतात. तुझा १०२ म्हणजे इथला जवळजवळ ३९. इथे कुणाला १०२ सांगितलंस तर पाणी उकळण्याच्या पुढे गेलीस असं वाटेल, पण तिथे ‘एकशे दोन’ असंच म्हण. आजीला ‘एकोणचाळीस’ सांगितलंस तर ती थर्मामीटर बिघडला म्हणेल.

तू विचारलंस, अंग भाजत होतं तर थंडी का वाजत होती? मेंदूत शरीराचं तापमान ठरवणारा एक भाग असतो. जंतू शिरले की तो ठरलेला आकडाच वर नेतो. अंग अजून तिथवर पोचलेलं नसतं, म्हणून थंडी वाजते, हुडहुडी भरते, आणि थरथरून स्नायू उष्णता तयार करतात. आकडा परत खाली आला की घाम फुटतो. आजी तुझ्या मानेला हात लावून ‘घाम फुटला, आता उतरेल’ म्हणाली ना, ते बरोबरच होतं.

या हुडहुडीवरूनच मलेरियाला हिवताप म्हणतात. हीव म्हणजे थंडी. जुन्या लोकांना हा ताप एक दिवस आड येतो हे माहीत होतं आणि त्याला ते एकांतरा म्हणायचे. डास चावल्याने शिरलेले परजीवी रक्तातल्या तांबड्या पेशींमध्ये वाढतात आणि साधारण ४८ तासांनी एकदम बाहेर फुटतात, म्हणून ती पाळी. डासाच्या पोटात हे परजीवी रोनाल्ड रॉसला सापडले ते सिकंदराबादला, १८९७ साली. त्याआधी औषध होतं, पण कारण ठाऊक नव्हतं. ते औषध म्हणजे क्विनीन, सिंकोना झाडाच्या सालीतलं. आपल्याकडे त्याचं कोयनेल झालं. आजीला विचार कोयनेलची चव, तोंड वाकडं करून दाखवेल. हिवतापाची सरकारी कचेरी अजून आहे. ‘जिल्हा हिवताप अधिकारी’ ही पाटी कुठे दिसली तर हसू नकोस.

टायफॉइडला मुदतीचा ताप म्हणत, कारण औषध नव्हतं तेव्हा तो आपली तीन-चार आठवड्यांची मुदत पुरी करूनच जायचा. आणि सगळ्यांत भयंकर नाव मानमोडीचं. १९१८ साली जगभर जो इन्फ्लुएंझा आला, ती आपल्याकडची मानमोडी. एकट्या हिंदुस्थानात एक कोटीहून जास्त माणसं गेली. माझ्या पणजीला वय विचारलं तर ती साल सांगायची नाही, ‘मानमोडीत मी रांगत होते’ म्हणायची. आमच्या घरात त्या साथीचं एवढंच शिल्लक आहे, एका बाईचं वय.

तापाचं चालणं-बोलणंही ऐकत जा. तो येतो, चढतो, भरतो, उतरतो, निघतो, आणि बरा झाला म्हणताना पुन्हा आला तर ‘उलटला’. भेटायला आलेली माणसं ‘काय म्हणतोय ताप?’ असं त्याचीच चौकशी करतात. आणि दुखणं औषधाविना रेटत राहिलं तर त्याला ‘अंगावर काढणं’ म्हणतात. आजी त्यात पटाईत आहे, तिच्यावर लक्ष ठेव.

आता डोक्याचा ताप. दादा गाडीची किल्ली हरवतो, आजीच्या डोक्याला ताप होतो. आपण रागावलो की संताप, कुणी छळलं की मनस्ताप, वागून झाल्यावर जळत बसलो की पश्चात्ताप. पटकन चिडणारा माणूस तापट, म्हणजे तुझे आजोबा. प्रतापही याच घरातला. गडाच्या नावात तो तेज म्हणून येतो आणि मामीच्या तोंडी ‘बघा तुमच्या लेकाचे प्रताप’ म्हणून. आजीच्या पोथीत तापत्रय असा शब्द सापडेल. आपल्याच शरीरा-मनातून उठतो तो आध्यात्मिक ताप, दुसऱ्या प्राण्यांपासून होतो तो आधिभौतिक, आणि निसर्गाकडून, दैवाकडून येतो तो आधिदैविक. माझ्या हिशेबाने पहिला तुझी कसकस, दुसरा डास आणि तिसरा कृष्णेचा पूर. सांगलीत ऑगस्टात तिन्ही एकदम मिळतात.

तू मागे ‘वर्ल्ड कप फीव्हर’ला मराठीत वर्ल्ड कपचा ताप म्हणालीस आणि दादा हसला. कारण ताप म्हटलं की आपल्याला त्रासच आठवतो, उत्साह नाही. वर्ल्ड कपचा ताप त्याला, ज्याला रिमोट मिळत नाही. उत्साहासाठी वर्तमानपत्रवाले ज्वर वापरतात: क्रिकेटज्वर, निवडणुकीचा ज्वर. पण घरात कुणी ‘मला ज्वर आलाय’ म्हणत नाही, तसं म्हणालीस तर नाटकातून आल्यासारखी वाटशील.

राहिली अंघोळ. तापात अंघोळ नाही, जड जेवण नाही, हा आजीचा कायदा. हलकं खाणं पोटाला मानवतं, ते ऐकच. कोमट पाण्याने अंग पुसून घ्यायला मात्र काही हरकत नाही. ‘डॉक्टर म्हणाले’ असं सांग, चालतं. पुन्हा ताप आला तर पॅरासिटामॉलशिवाय कुठलीही गोळी मनाने घ्यायची नाही. पावसाळ्यात डेंगी असू शकतो आणि त्यात अ‍ॅस्पिरिन, आयब्युप्रोफेन धोक्याची. शिवाय डेंगीत ताप उतरल्यानंतरचे एक-दोन दिवसच जास्त जपायचे असतात. त्यामुळे घाम फुटला तरी पोट दुखलं, सारख्या उलट्या झाल्या, हिरड्यांतून रक्त आलं, तर मामाला लगेच मिरजेला घेऊन जायला सांग. आजी ‘उतरलाय की आता’ म्हणेल, तेवढ्यापुरतं तिचं ऐकायचं नाही. गच्चीतलं पिंप आणि कुंड्यांखालच्या ताटल्या आठवड्यातून एकदा रिकाम्या करून कोरड्या करायच्या. ते काम तुझं.

आणि काकूंनी मऊभाताचा डबा पाठवला होता ना, तो रिकामा परत द्यायचा नसतो. निदान साखर तरी घाल त्यात.

तुझी,
आई