वाचक विचारतात : सत्यजित राय यांचं मोजकं पार्श्वसंगीत

प्रश्न : ‘चारुलता’त संगीत फारसं जाणवतच नाही, तरी प्रसंग मनात राहतात. आमच्या वीस मिनिटांच्या लघुपटात मात्र संगीताने संवाद गिळले. काय चुकतंय?

उत्तर : राय १९६१च्या ‘तीन कन्या’पासून स्वतःच संगीत देऊ लागले. त्याआधी रविशंकर, विलायत खाँ, अली अकबर खाँ असे दिग्गज होते. पण मैफलीच्या कलावंताला चाळीस सेकंदांत थांबवणं सोपं नसतं. ‘चारुलता’चा (१९६४) मुख्य आधार रवींद्रनाथांच्या दोन चाली, ‘मम चित्ते’ आणि ‘फुले फुले’. दुसरी मूळची स्कॉटिश. नायिका चारू ती झोपाळ्यावर गाते. एकदा कानात बसलेली चाल पुढे तुकड्यानेही पुरते, दरवेळी नवी धून लागत नाही.

आता तुमचं. आधी संगीत बंद ठेवून लघुपट सलग बघा आणि प्रसंग लंगडा वाटेल तिथेच खूण करा. पाच-सहापेक्षा जास्त खुणा झाल्या तर दोष संकलनात आहे, तो वाद्यांनी झाकला जाणार नाही. संवादाखाली बासरी, व्हायोलिन यांचे लांब सूर नकोत. व्यंजनं कळतात ती साधारण २ ते ४ किलोहर्ट्झच्या पट्ट्यात. व्हायोलिनचे स्वरांश (मूळ सुरासोबत उमटणारे वरचे सूर) आणि बासरीच्या फुंकेची सळसळ तिथेच येते. तानपुरा निरुपद्रवी वाटतो, पण जवारीमुळे, म्हणजे तारांच्या झणझणीमुळे, तोही तिथेच घुसतो. म्हणून नुसता आवाज उतरवून भागत नाही. खर्जातली, म्हणजे खालच्या सुरांतली सरोद घ्या, संवादापेक्षा १५ डेसिबल खाली ठेवून सुरुवात करा आणि शेवटी मोबाइलच्या स्पीकरवर ऐका. पात्र रडण्याआधीच सूर लागला, की प्रेक्षक सावध होतो आणि रडणं खोटं वाटतं. उशिरा आलेलं संगीत सहसा खपून जातं.

प्रश्न : ‘पथेर पांचाली’त सर्वजया रडते तेव्हा वाजते ती सनई का?

उत्तर : नाही, तारशहनाई. एसराजलाच ग्रामोफोनसारखा कर्णा जोडलेलं, गजाने वाजवायचं वाद्य. म्हणून सूर तंतुवाद्याचा असूनही टोकदार, काहीसा नाकातला येतो. संगीत रविशंकरांचं, वादक दक्षिणामोहन टागोर. मुलगी दुर्गा गेल्याचं ठाऊक नसलेला हरिहर तिच्यासाठी आणलेली साडी पुढे करतो, त्याची बायको सर्वजया हिचा बांध फुटतो, पण तिचा आक्रोश ऐकूच येत नाही. त्या जागी तार सप्तकातला, म्हणजे वरच्या सुरांतला पटदीप राग येतो. दोन्ही एकदम ठेवले असते तर किंकाळी आणि कर्णा एकमेकांवर कुरघोडी करत बसले असते. कोमल गंधार, शुद्ध निषाद, आरोहात रिषभ-धैवत वर्ज्य : ‘मर्मबंधातली ठेव ही’ हे नाट्यपद ऐकलेल्या कानाला राग सापडायला वेळ लागू नये. फक्त इथे आलापाची उसंत नाही, सूर थेट वरूनच कोसळतो.