हसली म्हणून रुसलास, मग त्या मेसेजचं काय?

तुझं पत्र वाचलं रे. २४ वर्षांचा आहेस, दीड वर्षाची ओळख, वांद्र्याच्या बॅण्डस्टँडला पहिल्यांदाच किस केलंत आणि ती खुदकन हसली. तिथून पुढे अख्खं पत्र तुझ्या अपमानाचं. मला जमलंच नाही, तिला मी जोकर वाटलो, आता ब्रेकअप करू का ताई? आणि या सगळ्यात शेवटी शेवटी, कंसात, लिहून टाकलंयस की त्या रात्री तिचे 'पोचलास का?' असे तीन मेसेज आले होते, मी रिप्लाय केला नाही, ८ दिवस झाले.

मला या कंसाबद्दलच बोलायचंय.

तू डोंबिवलीला राहतोस. म्हणजे वांद्र्याहून दादर, दादरला ब्रिज चढून सेंट्रलला, आणि मग ती रात्रीची खच्चून भरलेली लोकल, जिच्या दारात लटकणारी पोरं खाली पडतात हे मुंबईतल्या कुठल्याही मुलीला माहितीय. ती घरी बसून तुझी स्टेशनं मोजत असणार, ठाणं आलं असेल, दिवा गेलं असेल, आता तरी पोचला असेल. आणि तू मेसेज बघून फोन बाजूला ठेवलास! मला खरंच राग आलाय तुझा.

हसण्याचं म्हणशील तर छातीत धडधडत असलं की हसू फुटतं माणसाला, त्यात आजूबाजूला लोक, कधी पोलीस येऊन घरचा नंबर मागेल याचा नेम नाही. २०१५ साली मढ-आक्साला तर हॉटेलच्या खोल्यांमधून जोडपी उचलली होती पोलिसांनी. घरी फोन गेला की आधी मुलीचंच बाहेर पडणं बंद होतं रे. एवढी भीती पोटात घेऊन ती तुझ्या जवळ आली, आणि तू ८ दिवस विचार करतोयस तो आपण कसे दिसलो असू याचा.

ब्रेकअपबिकअप काही नाही. हे वाचून झालं की तिला कॉल कर, मेसेज नको, कॉलच. "पोचलो होतो गं, सांगायला हवं होतं, चुकलं माझं" एवढं म्हण आणि गप्प बस, चिडली तर चिडू दे, रडली तर रडू दे, मध्येच तुझं ते हसण्याचं गाऱ्हाणं काढू नकोस. ते भेटल्यावर विचार, आणि ती जे सांगेल ते खरं मान.