सिनेमात छोट्या भूमिका आणि सेटवरचं काम, दोन्ही करायचंय?
मग आधी कंटिन्युइटी शीक, म्हणजे प्रत्येक शॉटमध्ये तीच हालचाल त्याच शब्दावर करणं. मास्टर शॉटमध्ये (अख्खा सीन एकत्र दिसतो तो शॉट) कप कुठल्या हातात होता, कुठल्या शब्दावर खाली ठेवलास, हे टेक संपताच संवादाच्या कागदावर त्या शब्दाखाली खूण करून ठेव. क्लोजअपला हात बदलला की एडिटिंगमध्ये कट जुळत नाही, आणि बहुतेक वेळा तुझाच शॉट उडतो, नायकाचा नाही. घोट दोन वाक्यांच्या मधे घे. खाली न बघता मार्कवर (जमिनीवर खूण केलेली तुझी उभं राहायची जागा) पोचायचं, तर रिहर्सलला मार्कपासून उलटी पावलं मोजत सुरुवातीच्या जागेवर ये.

क्लॅप देताना (टेकच्या सुरुवातीला कॅमेऱ्यासमोर पाटी वाजवताना) सीन, शॉट, टेक स्पष्ट म्हण, पाटी स्थिर धरून एकदाच वाजव. पाटी हलली तर चित्र धूसर होतं आणि आवाज जुळवायला नेमकी फ्रेम सापडत नाही. भूमिका असेल त्या दिवशी क्रूचं काम घेऊ नकोस.